मासळीच्या खोक्यातला भुईचाफा

मित्रांनो, माझं झाकण कधीच हरवलं आहे. एकेकाळी मी पांढराशुभ्र होतो, आता म्हाताऱ्याच्या दातांसारखा पिवळा पडलो आहे. तरी मी अजून कामावर आहे. मी थर्माकोलचा खोका आहे, मासळीचा. आज माझी हकीकत तुम्हाला सांगायला बसलो आहे खरा, पण तीत गोजराबाईच जास्त येईल. कारण माझ्या आयुष्यात जे काही मोठं घडलं, ते तिच्या रागामुळे घडलं.

माझा जन्म तळोज्याच्या एका कारखान्यातला. आधी मी साबुदाण्याएवढे बारीक मणी होतो. साच्यात वाफ सोडली, मणी फुगले, एकमेकांना घट्ट चिकटले आणि माझा खोका झाला. तिथून मी उरणला, करंजाच्या बंदरावर गेलो. माझ्यात बर्फाचा चुरा भरायचे, त्यावर पापलेट, वर पुन्हा बर्फ. आमच्या जातीचा एकच अभिमान असतो: आतलं पाणी बाहेर गळू द्यायचं नाही. मी तो अभिमान जपला. म्हणूनच गोजराबाईने मला हेरलं.

गोजराबाई नवी मुंबईतल्या खाडीकाठच्या एका गावठाणात राहते. गावठाणाचं नाव मी सांगणार नाही, नाहीतर तुम्ही तिला शोधत जाल आणि ती तुम्हाला झापून काढेल. वय पंचावन्न, अंगाने काटकुळी, आवाज मात्र असा की बाजाराच्या या टोकाचं गिऱ्हाईक त्या टोकाला वळून पाहतं. नवरा तुळशीराम वारला, मूलबाळ नाही. तीस वर्षं ती म्हावरं, म्हणजे मासळी, विकते आहे. तिच्या हाताखाली दुसरे खोके महिना-दोन महिन्यांत फुटायचे, मी वर्षानुवर्षं टिकलो. संध्याकाळी मला घासताना ती शेजारणीला सांगायची, "ह्यो खोका गलत नाय हो. सोन्यासारका हाय." अशी स्तुती माझी आणखी कुणी केली नाही.

आता ज्या फुलामुळे सगळं झालं, त्याच्याकडे येतो.

गोजराबाईच्या घरामागे आंब्याखाली एक तुकडा जमीन होती. तिच्या सासूने, शांतीआईने, डोंगरातून भुईचाफ्याचे कंद आणून तिथे लावले होते. भुईचाफा तुम्ही पाहिला नसेल तर सांगतो. दिवाळीनंतर त्याची पानं सुकून जातात आणि जमीन ओकीबोकी दिसते. मग चैत्रात, जेव्हा बाकीची रानफुलं अजून जागीही झालेली नसतात, तेव्हा कोरड्या मातीतून सरळ फूलच वर येतं. पान नाही, देठ नाही. पांढऱ्या पाकळ्या, मध्ये जांभळी जीभ, आणि वास असा की जवळून जाणारा माणूस थांबून खाली बघतो.

त्याच सुमाराला गावदेवीची जत्रा असते. त्या तुकड्यातलं पहिलं फूल देवीच्या पायांवर ठेवायचं आणि मगच पालखी उचलायची, असा त्या गावचा रिवाज. तो मान शांतीआईचा होता. तिच्यामागे थोरली सून म्हणून गोजराबाईकडे आला. अठरा वर्षं तिने तो सांभाळला.

गोजराबाईचा धाकटा दीर हिरामण. जुनं घर पाडून त्याने चार मजल्यांची बिल्डिंग उभी केली. गोजराबाईला वरच्या मजल्यावर, गच्चीला लागून एक खोली दिली. तिने तेवढ्यावर भागवलं. पण एका माघ महिन्यात ती बाजारात असताना हिरामणने जेसीबी आणला आणि आंब्याखालचा तुकडा उकरून, तिथे लाद्या बसवून गाड्यांसाठी पार्किंग केलं. ती दुपारी परतली तेव्हा आंबाही आडवा झाला होता.

"हितं काय व्हतं?" हिरामण म्हणाला. "नुस्ती माती."

तो खोटं बोलत होता. जेसीबी येण्याच्या आदल्या दिवशी त्याने माळ्याकडून अकरा कुंड्या भरून कंद काढून घेतले होते. चिनी मातीच्या त्या निळ्या कुंड्या त्याच्या दाराशी ओळीने मांडलेल्या होत्या.

चैत्रात त्या कुंड्यांत फूल आलं. जत्रेच्या दिवशी गोजराबाई अंघोळ करून, हिरवं लुगडं नेसून देवळाशी गेली. हिरामण आधीच चांदीचं ताट घेऊन उभा होता. तिने ताटाला हात लावला तसं त्याने ते बाजूला घेतलं आणि सगळ्यांसमोर म्हणाला, "वैनी, तुज्या हाताला म्हावऱ्याचा वास मारतो. आता आपलं गाव पयल्यासारकं राह्यलं नाय. सोसायटीतली लोकं येतात, फोटो काढतात. बरं दिसतं का ते?"

चार-पाच जण हसले. ज्या गावाने पिढ्यानपिढ्या मासळीवर पोट भरलं, त्या गावातले लोक हसले. हिरामणची बायको सखू डोक्यावर पदर घेऊन मागे उभी होती. तिने मान वर केली नाही.

त्या संध्याकाळी गोजराबाईने मला इतक्या जोरात घासलं की माझे मणी सुटू लागले. ती माझ्याशी बोलत नव्हती, स्वतःशी बोलत होती, पण ऐकायला मीच होतो.

"म्हावऱ्याचा वास! थांब. म्हावऱ्याच्या खोक्यातच लावीन. आन तुज्याच तोंडानं मागायला लावीन. किती वरसं लागायची ती लागू देत."

तेव्हा मला ते नीट कळलं नाही. जूनमध्ये कळलं. तिने चुलीत सळई लालभडक तापवली आणि माझ्या तळाला चार भोकं पाडली. मित्रांनो, मला दुखलं नाही, पण माझी लाज गेली. पाणी अडवण्यासाठी जन्मलेला मी आता खालून गळू लागलो. बाजारातून माझं नाव कटलं आणि मी गच्चीवर, पाण्याच्या टाकीच्या सावलीत, दोन विटांवर जाऊन बसलो.

उड्डाणपुलाजवळ रस्त्याकडेला पंढरीची नर्सरी आहे. तो मूळचा जुन्नरकडचा, बोलका माणूस. गोजराबाई तिथून भुईचाफ्याचे सात कंद घेऊन आली. बोटाच्या पेराएवढे तुकडे, त्यांना लोंबणाऱ्या मण्यांसारख्या गाठी. पंढरीने सांगितलं होतं, "मावशी, कंद बारीक आहेत. फूल धरायला दोन-तीन उन्हाळे जातील. निचरा चांगला ठेवा." तिने लाल माती, वाळू आणि पालापाचोळ्याचं खत कालवून मला अर्धं भरलं आणि सातही कंद डोळा वर ठेवून लावले.

पावसात पानं आली. किती सुंदर पानं! वरून हिरवी, त्यावर मोराच्या पिसासारखी फिकट नक्षी, आणि खालून वांगी रंगाची. गोजराबाई बाजारात जाण्याआधी आणि आल्यावर त्यांच्यापाशी बसायची. प्रेमाने बसायची असं मी म्हणणार नाही. पहिलवान आपल्या दंडाकडे जसा पाहतो, तशी ती पाहायची.

दिवाळी झाली आणि पानं पिवळी पडू लागली. ती घाबरली. झाड मरतंय असं वाटून रोज पाणी घालू लागली, सकाळी एकदा, संध्याकाळी एकदा. जितकी पानं सुकत, तितकं ती पाणी वाढवी. माझ्या भोकांतून पाणी जात होतं तरी आतली माती चिखल झाली. मला आतून सगळं जाणवत होतं. कंद आधी मऊ पडले, मग त्यांच्यातून असा वास सुटला की सडक्या बोंबलाचा बरा. सांगायला मला तोंड नव्हतं.

माघात तिने बोट घालून पाहिलं. बोट काढलं तेव्हा त्याला काळा गिलावा लागला होता. तोच चिखल पिशवीत घेऊन ती पंढरीकडे गेली, आणि परत आल्यावर पंढरीचे शब्द जसेच्या तसे पुटपुटत राहिली.

"झोपलेल्या माणसाच्या तोंडात कुणी पाणी ओततं का मावशी? दिवाळीनंतर एक थेंब द्यायचा नाही. तो मेल्यासारखा दिसतो, मेलेला नसतो. तिथेच माणसं चुकतात."

शेवटचं वाक्य तिने दोन-तीनदा म्हटलं. मग कठड्याशी जाऊन खाली, निळ्या कुंड्यांच्या ओळीकडे बघत राहिली.

त्या चैत्रात हिरामणच्या कुंड्यांत पुन्हा फुलं आली. त्याच्या पुढच्या चैत्रातही आली. आता गावठाणाच्या तोंडाशी मोठा फ्लेक्स लागू लागला. त्यावर पांढऱ्या शर्टातला हिरामण हात जोडून उभा, आणि खाली लिहिलेलं, "देवीच्या पहिल्या फुलाचे मानकरी, हिरामणशेठ." त्याला निवडणुकीला उभं राहायचं होतं. बाजारात बसल्या बसल्या गोजराबाईला तो फ्लेक्स समोरच दिसायचा. मासे कापताना तिचा कोयता जरा जास्तच जोरात पडायचा, असं मला शेजारणींच्या बोलण्यावरून कळायचं.

पहिले कंद कुजले त्याच वर्षीच्या जूनमध्ये माझ्यात तिने नवे पाच कंद लावले होते, या वेळी पंढरीने निवडून दिलेले, जाडजूड. पहिला हिवाळा तिने एक थेंब पाणी घातलं नाही. चैत्रात फूल आलं नाही, पण दुसऱ्या पावसाळ्यात पानं दुप्पट झाली. पाऊस सरला. दिवाळी झाली. पानं पुन्हा पिवळी पडू लागली.

तेव्हाच एके सकाळी सखू गच्चीवर आली.

तीन वर्षांत ती गोजराबाईशी धड बोललेली नव्हती. गोजराबाई चटईवर सुकट पसरत होती. सखू जिन्याच्या दाराशीच उभी राहिली.

"बाय," ती म्हणाली, "खालच्या कुंड्यांची पानं पिवली पडलीत. काय करू?"

गोजराबाईचा हात थांबला. तिने माझ्याकडे पाहिलं. माझ्यातली पानंही पिवळीच होती आणि माझी माती ठणठणीत कोरडी होती. सखूने खाली वाकून बघितलं असतं तरी तिला उत्तर मिळालं असतं.

"पानी कमी पडतंय," गोजराबाई शांतपणे म्हणाली. "रोज घाल. सकाली आन संद्याकाली."

"रोज?"

"रोज. तांब्या-तांब्या भरून. पानं गेली तरी थांबू नको."

सखूने पदर खोचला. मग म्हणाली, "बरं. तू सांगतेस म्हनून घालते," आणि खाली गेली.

मित्रांनो, इथे मला तुमच्यापाशी एक कबूल करायचं आहे. ते अकरा कुंड्यांमधले कंद शांतीआईच्या हातचे होते, हे मला माहीत होतं. कुजताना कंदाचं काय होतं हे तर मी पोटातून अनुभवलं होतं. तरीही त्या दिवशी मला वाईट वाटलं नाही. मला बरं वाटलं. ज्या माणसाने माझ्या मालकिणीला चारचौघांत हिणवलं, त्याचं नाक कापलं जाणार, या विचाराने माझा मणी न् मणी फुलून आला होता.

तो सगळा हिवाळा गोजराबाई सकाळी उठून आधी कठड्याशी जायची. खाली सखू तांब्या घेऊन एका कुंडीकडून दुसऱ्या कुंडीकडे जात असायची. अकराव्या कुंडीत पाणी पडलं की गोजराबाई आत वळायची आणि चहा ठेवायची. त्या दिवसांत तिचा चहा फार गोड लागत असावा. ती फुर्रर फुर्रर करून प्यायची.

जत्रेच्या आठ दिवस आधी माझ्या मातीला एक बारीक तडा गेला. दुसऱ्या दिवशी त्या तड्यातून जांभळट टोक डोकावलं. शेजारी आणखी एक. गोजराबाईने श्वास रोखून पाहिलं, मग माझ्यावर जुनं सुती लुगडं तंबूसारखं ताणून बांधलं, कुणाला दिसू नये म्हणून. पंढरीने सांगितल्याप्रमाणे आता हलकं पाणी द्यायचं होतं. तिने ओंजळ-ओंजळ शिंपडलं.

जत्रेच्या सकाळी दोन फुलं उमलली. गोजराबाईने लुगडं सोडलं आणि वास सगळ्या गच्चीभर पसरला. त्या दिवशी तिने मला ओंजळभर नाही, चांगली अर्धी बादली पाणी घातलं. मला नवल वाटलं. तिच्या मनात काय आहे ते मला अजून माहीत नव्हतं.

देऊळ आमच्या बिल्डिंगच्या समोरच आहे. कर्णा लावलेला होता, त्यामुळे तिथलं सगळं मला गच्चीवर ऐकू येत होतं; जे दिसलं नाही ते मागाहून बायांच्या बोलण्यातून कळलं. ढोल वाजत होते. मग ते थांबले. देवीचा पुजारी नामा भगत मोठा तिरसट म्हातारा. माईक त्याच्या तोंडाजवळच राहिला होता.

"ह्ये काय आनलंस, हिरामन?"

"ऑर्किड हाय भगत. वाशीवरनं मागवलं. भारीतलं हाय."

"भुईचाफा कुठं हाय?"

"ह्या साली नाय आला. कुंड्या खराब निगाल्या. आता ह्येच घ्या ना, फूल ते फूल."

"ह्याला वास नाय. भुईतनं आलेलं नाय. प्लास्टिकात गुंडाललंय." नामा भगताचा आवाज चढला. "पालखी उचलनार नाय."

सगळीकडे कुजबुज सुरू झाली. सोसायट्यांतली मंडळी मोबाईल वर धरून उभी होती. फ्लेक्सवरचा हिरामण हात जोडून हसत होता आणि खरा हिरामण घाम पुसत होता. तेवढ्यात एक बारीक आवाज माईकवर आला. सखूचा.

"वर गच्चीवर हाय. बायच्या खोक्यात. सकाली बगितलं मी, दोन आलीत."

गोजराबाई उलट्या ठेवलेल्या बादलीवर बसली होती. तिने पदर नीट केला. जिन्यात पावलं वाजली. कडक इस्त्रीचा पांढरा शर्ट घातलेला हिरामण धापा टाकत वर आला. फुलं बघून त्याचे डोळे मोठे झाले.

"वैनी, येक फूल दे."

"कोनाला?"

"देवीला."

"देवीला मी देनारच हाय. तुला काय होवं ते बोल."

"पालखी खोलंबलीय. लोकं बगतात." त्याचा आवाज खाली आला. "माजी लाज राख. पाया पडतो तुज्या."

गोजराबाई उठली नाही. तीन वर्षं ज्या क्षणाची वाट पाहिली तो समोर उभा होता आणि तिला घाई नव्हती.

"भुईचाफा तोडून उनातनं नेला तर देवलाशी जाईपरत मान टाकतो," ती म्हणाली. "खोकाच न्यावा लागंल."

"बोलावतो पोरांना."

"पोरं नकोत. देवीचा मान तुज्याकडं हाय ना, हिरामन? मंग तुज्याच मानेवर येऊ दे."

"ह्यो म्हावऱ्याचा खोका? माज्या डोक्यावर?"

"मी तीस वरसं वाहते. तू येक दिस वाह्यलास तर मरनार नाय." तिने चुंबळ त्याच्या हातात ठेवली. "नायतर जा खाली आन भगताला सांग, गोजरा फूल देत नाय. मंग बग गाव काय बोलतं."

खाली ढोलवाले गप्प होते. हिरामणने चुंबळ डोक्यावर ठेवली. गोजराबाईने एका बाजूने हात लावला आणि मी वर चढलो.

मित्रांनो, आता मला कळलं तिने मला इतकं पाणी का घातलं होतं. पहिल्याच पायरीला माझ्या चारही भोकांतून धार लागली. पाणी हिरामणच्या कानामागून मानेवर उतरलं, तिथून कॉलरमध्ये, तिथून पाठीवर. पांढऱ्या शर्टावर लाल मातीचे ओघळ आले. आणि वर्षानुवर्षं मासळी वाहिलेल्या माझ्या अंगात जो काही जुना वास मुरला होता, तोही त्या पाण्याबरोबर उतरला. चार मजले. मग गल्ली. गल्लीच्या दोन्ही बाजूंना बाजारातल्या बाया उभ्या होत्या. कुणी मोठ्याने हसलं नाही. त्या फक्त वाट सोडून उभ्या राहिल्या आणि बघत राहिल्या. त्या न हसण्याने हिरामणचा चेहरा जास्त लाल झाला. गोजराबाई त्याच्या मागून चालत होती, ताठ, हात रिकामे.

मी आयुष्यभर बायांच्या डोक्यावरून गेलो, पण असं मिरवणं माझ्या नशिबी कधी आलं नव्हतं.

देवळाच्या पायरीशी त्याने मला खाली ठेवलं नाही, आदळलं. माझा एक कोपरा कटकन तुटला. फुलं हलली, पण शाबूत राहिली. गोजराबाई खाली बसली, तिने एक फूल मातीलगत खुडलं आणि नामा भगताच्या हातात दिलं. भगताने ते नाकाशी नेलं. "ह्याला म्हनतात वास," तो म्हणाला, आणि ढोल सुरू झाले.

हिरामणचा फोटो दुपारपर्यंत सगळ्या गावाच्या मोबाईलवर पोचला, डोक्यावर खोका आणि नाकावरून ओघळणारं मातीचं पाणी. संध्याकाळी त्याने स्वतःच माणूस पाठवून फ्लेक्स उतरवला.

इथे गोष्ट संपायला हवी होती. गोजराबाईलाही तसंच वाटलं असावं. पण तीन दिवस ती नीट जेवली नाही. खालून हिरामणचा चढलेला आवाज यायचा, सखूचा मात्र कधीच नाही. गोजराबाई कठड्याशी जाऊन ऐकायची आणि परत यायची. चौथ्या दिवशी सखू मिरच्या वाळवायला वर आली. गोजराबाईने चिकटपट्टीने माझा कोपरा जोडत असताना, मान खाली ठेवूनच बोलायला सुरुवात केली.

"सखू, तुला येक सांगायचंय."

"सांग."

"कुंड्यांना पानी घाल म्हनून मी सांगितलं. कुजनार ते मना म्हाईत होतं. तो तुज्यावर ओरडला असंल. ते मी केलं."

सखूने मिरच्या पसरणं थांबवलं नाही.

"मना पन म्हाईत होतं," ती म्हणाली.

गोजराबाईने मान वर केली.

"शांतीआयनं मनाच दाखवलेलं. तू बाजारात असायचीस ना तवा. दिवालीनंतर पानी तोडायचं. दोन वरसं हिवाल्यात कुंड्या कोरड्या कोन ठेवत होतं? माली? माल्याला काय कलतंय?"

"मंग मना इचारायला कशाला आलीस?"

सखू आता टाचांवर बसली. तिने मिरचीचे हात पदराला पुसले. "गेल्या जत्रेला त्याला बोलले, दोन वरसं मी वाढवलं, ह्या खेपेला फूल मी ठेवते. पाव्हन्यांसमोर हसला. बोलला, तू भाताकडं बग, करपंल. त्याच दिवशी ठरवलं. पन माज्या हातानं घालवना, बाय. आयची झाडं ती. तांब्या उचलायची आन ठेवून द्यायची. मंग तुज्याकडं आले. मना वाटलं, तू रागातली हायस, तू सांगशील. आन तू सांगितलंस."

"माजं नाव सांगितलंस त्याला?"

"नाय. त्यानं इचारलंच नाय. त्याला वाटतं मना काय येत नाय."

आधी गोजराबाई हसली की सखू, ते मला सांगता येणार नाही. दोघी हसत सुटल्या. पार खाली ऐकू जाईल असं, डोळ्यांतून पाणी येईपर्यंत हसल्या. गोजराबाईने हिरामणच्या कॉलरची नक्कल केली. सखूने त्याची चाल करून दाखवली. एकाच माणसावरच्या रागाने एकाच बिल्डिंगमध्ये वर-खाली तीन वर्षं जळत असलेल्या दोन बाया पहिल्यांदा एकमेकींना दिसल्या होत्या.

मग गोजराबाईचं हसू अचानक ओसरलं.

"कुंड्यांत काय उरलंय का?"

दोघी खाली गेल्या आणि कुंड्या एकेक करून वर घेऊन आल्या. जुन्या पोत्यावर उपड्या केल्या. पहिलीत काळा चिखल. दुसरीत तेच. सहावीत एक गाठ टणक वाटली. सखूने ती पुसली तर तो खडा निघाला. नवव्या कुंडीपासून सखू ढेकूळ न् ढेकूळ फोडून पाहू लागली. अकरावी उपडी केली तेव्हा गोजराबाईने चिखलात कोपरापर्यंत हात घालून बोटांनी चाळला. काही नव्हतं.

शांतीआईने डोंगरातून आणलेल्या, तिने हाताने लावलेल्या त्या झाडांचा वंश तिथे संपला. माझ्यातले कंद चांगले आहेत, पण ते नर्सरीतले. ते आंब्याखालचे नव्हेत.

सखूने त्यातली मूठभर माती उचलली आणि माझ्याकडे वळली. "निदान ही तरी हितं घालू. आयची हाय."

गोजराबाईने तिचं मनगट धरलं. "नको. कुज लागंल. ह्येपन जातील."

मग ती मातीसुद्धा त्यांना माझ्यात ठेवता आली नाही. पोतं दोन बाजूंनी धरून त्या खाली गेल्या आणि पार्किंगच्या भिंतीलगत, लाद्या संपतात तिथे, रितं करून आल्या. वर आल्यावर गोजराबाई माझ्या काठावर हात ठेवून बसली. "हिरामनचं मना काय वाटत नाय," ती म्हणाली. "परत तसंच करीन. पन ह्या झाडांनी काय केलं होतं?"

मलाही तेच वाटत होतं. त्या हिवाळ्यात खाली तांब्या फिरत असताना मीही मजेत होतो, हे मी तुम्हाला आधीच सांगितलं आहे.

आता पुन्हा दिवाळी होऊन गेली आहे. माझ्यातली पानं पिवळी झाली आहेत. पावसात कंदांची संख्या वाढली, तेव्हा काही कंद सखूने तिच्या स्वयंपाकघराच्या खिडकीत ठेवायला नेले आहेत. दुपारी दोघी माझ्यापाशी चटई टाकून सुकट निवडतात आणि हिरामणला पोटभर शिव्या घालतात. तो जिन्यात दिसला की दोघी एकदम गप्प होतात आणि त्याच्याकडे बघतात. तो खाली मान घालून निघून जातो. पुढच्या जत्रेत ताट कोण धरणार यावरून त्या दोघींत मात्र थोडी कुरबूर चालू आहे.

मित्रांनो, माझं तुमच्यापाशी मागणं थोडं आहे. घरी मासळी आली आणि माझ्यासारखा खोका रिकामा झाला, तर तो खाडीत फेकू नका. आमचे मणी सुटले की माशांना ते अंडी वाटतात आणि ते गिळतात. मी कुजत नाही, हा माझा दोष आहे, म्हणून मला कामाला लावा. तळाला चार भोकं पाडा, माती भरा, आपल्या डोंगरातलं एखादं फूल नर्सरीतून आणून लावा. त्याची पानं सुकली तर घाबरू नका, पाणी घालू नका, त्याला झोपू द्या.

आणि कधी कुणाचा राग आलाच, तर तो त्या माणसावर काढा. सगळ्या गावासमोर काढा, मी अडवणार नाही. पण जे मातीत झोपलेलं आहे त्याच्यावर काढू नका.